दूरचा वैद्य, दूरचा गुरू आणि मधला उंबरठा

गावात नळ आला म्हणजे घरोघर पाणी पोहोचले असे होत नाही. इंटरनेटद्वारे मिळणाऱ्या वैद्यकीय व शैक्षणिक सेवांचेही तसेच आहे. सेवा असणे आणि ती गरजूच्या हाती पडणे यांतील अंतर येथे आपण समजून घेऊ.

प्रथम आरोग्याचा विचार करू. केंद्र सरकारच्या ‘ई-संजीवनी’ या विनामूल्य सेवेला दोन दरवाजे आहेत. २०१९ मध्ये उघडलेल्या पहिल्या दरवाजाने रोगी जवळच्या आरोग्य केंद्रात येतो व तेथील कर्मचारी दूरच्या डॉक्टरांशी त्याची गाठ घालून देतो. एप्रिल २०२० मध्ये उघडलेल्या दुसऱ्याने रोगी घरबसल्या थेट डॉक्टरांशी बोलतो. हा मार्ग सोयीचा खरा. परंतु मोबाईलवर येणारा सांकेतिक क्रमांक भरल्यावाचून तो खुला होत नाही. फोन मुलाच्या खिशात आणि मुलगा शहरात, अशा आईने काय करावे? शिवाय स्त्रीचे दुखणे कित्येकदा मुलासमोर सांगण्याजोगे नसते.

अशा माता थोड्या नाहीत. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयाच्या सुमारे ५४ टक्के स्त्रियांपाशीच स्वतः वापरावयाचा मोबाईल आढळला. इंटरनेट कधी तरी वापरलेल्या स्त्रिया ३३ टक्के, तर पुरुष ५७ टक्के होते.

आता शिक्षण. १९७५-७६ मध्ये उपग्रहाद्वारे सहा राज्यांतील सुमारे २४०० खेड्यांना दूरचित्रवाणीचे कार्यक्रम दाखविण्यात आले. तेव्हा संच सबंध गावाचा होता. २०२० च्या टाळेबंदीत मात्र कित्येक घरी फोन एक आणि शिकणारी भावंडे तीन, अशी ओढाताण झाली. केरळात त्या जूनपासून दूरचित्रवाणीवर पाठ सुरू झाले, आणि घरी संच नसलेल्या मुलांसाठी वाचनालयांसारख्या जागी एकत्र बसण्याची सोय करण्यात आली.

३० एप्रिल २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अंकीय सेवांपर्यंत पोहोचणे हा जीविताच्या मूलभूत हक्काचाच भाग ठरविला. परंतु हक्क कागदावरून उंबरठ्यापर्यंत आणावयास माणूस लागतो.

यावरून आपल्यासारख्या धर्मादाय संस्थांनी काय घ्यावे? नुसती यंत्रे वाटून भागणार नाही. वाचनालयात एक सामायिक संच, ठरलेली वेळ, रोग्यासाठी आडोशाची खोली आणि शेजारी बसून मायबोलीत समजावून सांगणारा एक कार्यकर्ता, एवढे तरी हवे. खर्च थोडा आहे. सातत्य मात्र मोठे लागते. ते आपण देऊ शकू, असा आम्हांस विश्वास वाटतो.