टपोरी स्ट्रॉबेरी

मुलांनो, तुम्हांला स्ट्रॉबेरी आवडते ना? सातारा जिल्ह्यात महाबळेश्वर आणि पाचगणीच्या परिसरात स्ट्रॉबेरीचे मळे आहेत. तेथील हवा थंड असते. २०१० साली महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला भौगोलिक मानांकन मिळाले.

स्ट्रॉबेरीच्या पुष्कळ जातींना दिवस लहान झाल्यावर फुले येतात. काही जाती मात्र दिवस लहान की मोठा, हे पाहत नाहीत. ऊन फार तापले नाही, तर त्या पुन्हा पुन्हा फुलतात. त्यांना सदाबहार जाती म्हणतात. असे रोप तुम्हीही कुंडीत लावू शकता.

पाऊस संपला, की रोप लावा. कुंडीला तळाशी छिद्र असू द्या. रोपाच्या मधला कोंब मातीत गाडू नका, तो कुजतो. मुळे वरवर पसरतात, म्हणून माती ओलसर ठेवा. पण पाणी साचू देऊ नका. मातीवर वाळलेले गवत पसरा. त्यामुळे ओल टिकते आणि फळे स्वच्छ राहतात.

थोड्याच दिवसांत पहिले पांढरे फूल दिसेल. तुम्हांला खूप आनंद होईल. पण ते फूल खुडून टाका! दचकलात ना? रोप अजून लहान आहे. पहिले पाच-सहा आठवडे त्याला मुळे आणि पाने वाढवू द्या. जमिनीवर पसरणाऱ्या लांब फांद्याही कापा. त्यांना रनर म्हणतात. ते रोपाची शक्ती वाटून घेतात. आज थोडा धीर धरला, तर पुढे फळे टपोरी येतात.

आता स्ट्रॉबेरी नीट पाहा. तिच्या अंगावर बारीक दाणे असतात. प्रत्येक दाण्यात एक बी असते. जिथे बी धरते, तिथला गर फुगतो. जिथे धरत नाही, तिथे फळ खुरटते, वाकडे होते. बी धरण्यासाठी परागकण लागतात आणि ते आणायला मधमाशी मदत करते. म्हणून फुलांवर कीटकनाशक फवारू नका.

फळ पूर्ण लाल झाल्यावरच सकाळी देठासह तोडा. तोडल्यावर ते आणखी गोड होत नाही. पहिले फळ घरातल्या धाकट्या भावंडाला द्या. त्याचा चेहरा पाहून तुमचे कष्ट गोड होतील!

स्वाध्याय
१. पहिली फुले का खुडावीत?
२. मधमाशी स्ट्रॉबेरीला कशी मदत करते?
३. तुम्ही धीर धरल्यामुळे झालेला एखादा फायदा चार ओळींत लिहा.