मुक्या चित्रांना वाणी

भिंगारजवळच नगरचा भुईकोट किल्ला आहे. त्याच्या भोवतालचा रुंद खंदक तुम्ही कदाचित पाहिला असेल. ऑगस्ट 1942 मध्ये 'छोडो भारत' चळवळीच्या प्रारंभीच पंडित नेहरू, सरदार पटेल, मौलाना आझाद प्रभृती नेत्यांना इंग्रज सरकारने येथे आणून कोंडले. गांधीजींना त्याच वेळी पुण्यास आगाखान राजवाड्यात स्थानबद्ध केले. अशा दिवसांचा चित्रपट काढावयाचा झाला तर कसा काढावा? बंदिशाळेत चित्रणयंत्र कोण नेऊ देणार? नट आणून सोंग वठविता येईल. पण ती गोष्ट झाली, पुरावा नव्हे.

मुंबईच्या विठ्ठलभाई झवेरी यांनी निराळी वाट धरली. दीनानाथ गोपाळ तेंडुलकर यांनी लिहिलेले गांधीजींचे आठ खंडांचे चरित्र 1951 ते 1954 या काळात प्रसिद्ध झाले. त्याच्या प्रकाशनात झवेरींचा वाटा होता. पुढे त्यांनी 'महात्मा' हा चरित्रपट रचला. तो 1968 साली पुरा झाला. गांधी स्मारक निधीने फिल्म्स डिव्हिजनच्या साहाय्याने तो काढला. त्याची 33 रिळे असून तो पाहावयास पाच तास दहा मिनिटे लागतात! जुन्या चित्रफिती आणि छायाचित्रे जुळवून, बहुतांशी गांधीजींच्याच शब्दांत, ही कथा सांगितली आहे.

असे काम वाटते तितके सोपे नसते. जुन्या मूकपटात माणसे तुरुतुरु धावताना दिसतात आणि आपल्याला हसू येते. त्या काळी सेकंदास सुमारे 16 चित्रे घेत. बोलपट मात्र सेकंदास 24 चित्रे या गतीने चालतो. म्हणून दर दोन चित्रांतील एक चित्र दोनदा छापतात. दोहोंची तीन झाली, की चाल पूर्ववत होते. छायाचित्र तर हलतच नाही. तेव्हा त्यावरून यंत्रच सावकाश फिरवितात.

आवाजाची अडचण याहून नाजूक. 1931 साली लंडनमध्ये कोलंबिया कंपनीने गांधीजींच्या आवाजाची ध्वनिमुद्रिका काढली. 12 नोव्हेंबर 1947 रोजी ते दिल्लीच्या आकाशवाणी केंद्रावर जाऊन कुरुक्षेत्रातील निर्वासितांशी बोलले. आता समजा, 1930 च्या दांडीयात्रेचे मुके चित्र पडद्यावर आहे आणि त्यावर आपण 1947 चा थकलेला आवाज बसविला. प्रेक्षकांचे डोळे पाणावतील. परंतु साठीतल्या माणसाच्या मुखी अठ्ठ्याहत्तराव्या वर्षीचे बोल घातल्यासारखे होईल. माझ्या मते ही लबाडीच. निवेदकाने आपल्या आवाजात सांगावे, हे बरे.

22 फेब्रुवारी 1944 रोजी कस्तुरबा आगाखान राजवाड्यातच निवर्तल्या. तेव्हा नेहरू, पटेल नगरच्या किल्ल्यातच बंदिवान होते. असा प्रसंग आला, की जाणता दिग्दर्शक पडद्यावर एखादे छायाचित्र ठेवतो आणि काही क्षण ध्वनी मुळीच घालीत नाही.