मनाईचा अर्ज फेटाळला; पुढे खर्च किती?

सीबीडी बेलापूरच्या कोर्टात तुमचा दावा चालू आहे. साडेबारा टक्के योजनेतल्या भूखंडाचा असेल, साठेकराराचा असेल. निकाल लांब आहे आणि मध्येच आदेश होतो: मनाईचा अर्ज, म्हणजे निशाणी ५, नामंजूर. किंवा कैफियत वेळेत आली नाही म्हणून ‘नो डब्ल्यूएस’. घरी पोचेपर्यंत कुणीतरी सांगतंच, ‘हायकोर्टात जा.’ त्याआधी हिशेब मांडा. कारण आदेश कोणता आहे, त्यावर खर्च ठरतो.

सगळ्यात स्वस्त वाट त्याच कोर्टात असते. ‘नो डब्ल्यूएस’ रद्द करून कैफियत घ्यावी, असा अर्ज तिथेच देता येतो. कारण पटण्यासारखं असेल तर कोर्ट बहुधा कॉस्ट लावून कैफियत घेतं. साध्या दिवाणी दाव्यात ९० दिवसांची मुदत अगदीच ताठर नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सांगितलं आहे. व्यापारी दाव्यात मात्र १२० दिवसांनंतर दार बंद. म्हणून साध्या दाव्यात कॉस्ट भरा आणि मोकळे व्हा.

मनाईच्या आदेशाचं तसं नाही. त्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४३ खाली अपील आहे, सहसा जिल्हा न्यायालयात आणि ३० दिवसांत. दाव्याच्या मोठ्या मूल्यामुळे अपील थेट उच्च न्यायालयात जात असेल तर ९० दिवस. अपील कोणत्या जिल्ह्यात, हेही आधी पाहा: ऐरोली ते बेलापूर हा पट्टा ठाणे जिल्ह्यात, तर खारघर, कामोठे, कळंबोली रायगडात. अशा अपिलाची कोर्ट फी ठरीव असते, भूखंडाच्या किमतीवर नाही. खर्चातली ती सगळ्यात लहान बाब.

खरा घोळ नकलेत होतो. आदेश झाला त्याच दिवशी नक्कल विभागात अर्ज द्या. हातात आलेल्या नकलेवर तारखा असतात: अर्ज कधी केला, नक्कल तयार कधी झाली, दिली कधी. अर्जापासून नक्कल तयार होईपर्यंतचे दिवस मुदतीतून वगळले जातात. तयार झालेली नक्कल तुम्ही आठवडाभराने आणलीत, तर तो आठवडा तुमच्या खात्यावर. मुदत उलटली की विलंब माफीचा वेगळा अर्ज, म्हणजे वेगळी फी आणि वेगळ्या तारखा.

दुरुस्ती अर्ज फेटाळला, साक्षीदार पुन्हा बोलावू दिला नाही, कागद दाखल करून घेतले नाहीत, अशा आदेशांवर अपील नाही. १ जुलै २००२ पासून पुनरीक्षणही फार आकुंचित झालं: तो आदेश तुमच्या बाजूने झाला असता तर दावाच संपला असता, अशी स्थिती हवी. उरते ती फोर्टच्या उच्च न्यायालयातली राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खालची याचिका. इथे खर्च चढतो. मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर पानावर मोजलं जातं. वादपत्र, कैफियत, रोजनामा मिळून पानं भराभर वाढतात. टायपिंग, याचिकेचे संच आणि दर तारखेची फी वेगळी. शिवाय याचिका दाखल झाली म्हणून बेलापूरचं कामकाज थांबत नाही. स्थगिती मागून मिळवावी लागते. तोवर दोन्हीकडच्या तारखांचा खर्च तुमचाच. आणि २२७ चा अधिकार जपून वापरायचा असतो, आदेश केवळ चुकीचा वाटला म्हणून नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये हे बजावलं, तेही महाराष्ट्रातल्याच एका मालमत्तेच्या वादात.

म्हणून माझं स्पष्ट मत: हक्क कायमचा जाणार असेल, घर पडणार असेल, तर एक दिवसही दवडू नका. बाकी बऱ्याच आदेशांसाठी दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम १०५ आहे. मधल्या आदेशातल्या चुकीचा निकालावर परिणाम झाला असेल, तर ती अंतिम अपिलात मांडता येते. त्यासाठी आज एक रुपयाही लागत नाही. या कलमाबद्दल वकिलांना जरूर विचारा.

वकिलांच्या फीला सरकारी दर नाही. मसुद्याचे किती, दर तारखेचे किती, भाषांतर त्यात धरलंय का, हे कागदावर लिहून घ्या. यात संकोच नको.

परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाचा मोफत वकील मिळतो; मदतवाणी १५१००. महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा तीन लाख रुपये आहे. महिलांना ही अट लागू नाही.