जनरल ग्रँट आणि जयानंतरची परीक्षा

(गावमंडळ्यांच्या अभ्यासाकरिता)

शास्त्रपाठ : २ राजे ६:८–२३. सोबत वाचावे : अनुवाद २४:६, नीतिसूत्रे २४:१७, रोमकरांस पत्र १२:१७–२१.

धड्याचा हेतू : हार सोसणे कठीण आहेच; परंतु जय पचविणे त्याहूनही कठीण आहे, हे एका सेनापतीच्या चरित्रावरून समजून घेणे.

प्रस्तावना

सन १८७९ च्या फेब्रुवारी महिन्याच्या १३ तारखेस ‘व्हेनिशिया’ नावाची आगबोट सुएझकडून मुंबई बंदरात येऊन पोहोचली. न्हावा शेव्याच्या किनाऱ्यावरून पश्चिमेस जे पाणी दिसते, तेच हे बंदर. त्या बोटीवर अमेरिकेचे माजी अध्यक्ष व त्यापूर्वीचे सरसेनापती युलिसिस ग्रँट हे पत्नी व पुत्र ह्यांसह होते. ते जगाच्या प्रवासास निघाले होते. मुंबईस मलबार पॉइंट येथील सरकारी निवासस्थानी काही दिवस राहून ते आगगाडीने उत्तर हिंदुस्थानाकडे गेले.

सेनापतींच्या गोष्टी मंडळीने का वाचाव्या, असे कोणी विचारील. शास्त्रातच नामान आहे, यवाब आहे, कर्नेल्य शताधिपती आहे. ज्याच्या हाती दुसऱ्यांचे प्राण असतात, त्याचे अंतःकरण कसे आहे हे पाहून आपण आपलेही पारखू शकतो.

१. सेनापती होण्यापूर्वी

ग्रँट ह्यांचा जन्म १८२२ साली ओहायो प्रांतात झाला. वेस्ट पॉइंट येथील लष्करी विद्यालयातून ते १८४३ साली बाहेर पडले व मेक्सिकोच्या युद्धात लढले. १८५४ साली त्यांनी नोकरी सोडली. घरी परतताना न्यूयॉर्क शहरी त्यांच्यापाशी खाणावळीचे देणे फेडण्यासही पैसा नव्हता. तेव्हा सायमन बकनर नावाच्या जुन्या सोबत्याने त्यांच्याकरिता हमी घेतली. हे नाव वाचकांनी ध्यानात ठेवावे.

पुढे शेती केली, ती साधली नाही. जळाऊ लाकडे गाडीत घालून त्यांनी शहरात विकली. अखेर बापाच्या चामड्याच्या दुकानात ते कामास लागले. ह्याच ओढाताणीच्या काळी, १८५९ साली, त्यांच्या मालकीचा एक गुलाम होता. त्याला विकले असते तर मोठी रक्कम हाती येती. ग्रँट ह्यांनी कागद करून त्याला मुक्त केले. ज्याला स्वतःच्या चुलीची चिंता होती, त्याने मनुष्य विकून चूल पेटविली नाही.

२. युद्ध

त्या काळी अमेरिकेच्या दक्षिण प्रांतांत सुमारे ४० लाख माणसे गुलामगिरीत होती. त्यांच्या श्रमावर कापसाची शेती चाले. गुलामगिरीच्या वादावरून दक्षिणेकडील प्रांत फुटून निघाले व १८६१ साली यादवी युद्ध पेटले. ते चार वर्षे चालले. त्यात सहा लाखांहून अधिक शिपाई लढाईने व रोगराईने मेले.

१८६२ च्या फेब्रुवारीत ग्रँट ह्यांनी डोनेल्सन किल्ला घेतला. तेथे शरण येणारा शत्रुसेनापती दुसरा तिसरा कोणी नसून तो बकनरच होता. त्याने अटी विचारल्या. बिनशर्त शरण यावे, एवढेच उत्तर मिळाले. परंतु किल्ला हाती आल्यावर ग्रँट ह्यांनी जुने उपकार स्मरून आपली पैशाची थैली त्याच्यापुढे केली. १८६३ च्या जुलैत ४७ दिवसांच्या वेढ्यानंतर व्हिक्सबर्ग पडले व मिसिसिपी नदी मोकळी झाली. १८६४ साली सर्व सैन्याचे आधिपत्य त्यांजकडे आले. त्या वर्षी कोल्ड हार्बर येथे त्यांनी तटबंदीवर जो हल्ला करविला, त्यात हजारो माणसे व्यर्थ पडली. त्याचा खेद आपणांस नित्य वाटत आला, असे त्यांनी आपल्या आत्मवृत्तात लिहून ठेवले आहे.

३. ॲपोमॅटॉक्स येथील दिवस

१८६५ च्या एप्रिल महिन्याच्या ९ तारखेस व्हर्जिनिया प्रांतातील ॲपोमॅटॉक्स नावाच्या लहानशा गावी, एका गृहस्थाच्या घरात, दक्षिणेचे सेनापती रॉबर्ट ली शरण आले. ली ह्यांच्या अंगावर नवा पोशाख व कमरेस सुंदर तलवार होती; ग्रँट चिखलाने माखलेल्या साध्या शिपायाच्या डगल्यात होते. अटी फार सौम्य होत्या. शस्त्रे खाली ठेवावी, पुन्हा लढणार नाही असे वचन द्यावे, आणि आपापल्या घरी जावे. अधिकाऱ्यांच्या तलवारी घेतल्या नाहीत. ग्रँट ह्यांचे सहकारी ईली पार्कर ह्यांनी त्या अटींची स्वच्छ प्रत लिहिली. ते अमेरिकेच्या मूळ रहिवाशांपैकी सेनेका जातीचे होते.

मग ली ह्यांनी सांगितले की, आमच्या स्वारांचे घोडे त्यांच्या स्वतःच्या मालकीचे आहेत. ग्रँट ह्यांनी जाणले की हे बहुतेक लहान शेतकरी आहेत. नांगरणीचे दिवस आहेत. घोडे गेले तर पेरा होणार नाही आणि पुढील हिवाळा पोराबाळांना उपाशी काढावा लागेल. घोडे ज्याचे त्याने घरी न्यावे, अशी त्यांनी आज्ञा दिली. ली ह्यांचे सैन्य भुकेले आहे असे कळताच २५,००० माणसांचा शिधा पाठविला. आपल्या छावणीत आनंदाच्या तोफा सुटू लागल्या, त्या बंद करविल्या.

आता शास्त्रपाठ पाहा. अरामी सैन्य शोमरोनात सापडले तेव्हा इस्राएलाचा राजा त्यांना मारावयास उतावीळ झाला होता. अलीशाने त्यांना जेवू घालून धन्याकडे परत पाठविण्यास सांगितले. अनुवादात जात्याची तळी गहाण घेण्याची मनाई आहे, कारण तीत घराची भाकर असते. शेतकऱ्याचा घोडा हीच त्याच्या घराची तळी होय. शत्रू पडला असता हर्ष करू नये, असा नीतिसूत्रांचा बोध आहे. एकाच दिवशी हे तिन्ही पाठ त्या गावी आचरणात आले.

ही करुणा केवळ एका दिवसाची नव्हती. पुढे ली ह्यांच्यावर राजद्रोहाचा खटला चालवावा असे घाटत असता, दिलेले वचन मोडणार असाल तर मी अधिकार सोडतो, असे ग्रँट ह्यांनी निक्षून सांगितले. तो खटला चालला नाही.

४. त्या वार्तेने मुंबईत काय झाले

अमेरिकेचा कापूस युद्धामुळे विलायतेस जाईनासा झाला, तेव्हा खानदेश व वऱ्हाड येथील कापसास सोन्याचा भाव आला. मुंबईत पैशाचा पूर लोटला. समुद्र भरून जमीन करणाऱ्या मंडळ्या निघाल्या आणि त्यांच्या भागांचा सट्टा घरोघरी चालू झाला. प्रेमचंद रायचंद ह्यांचे नाव ह्या काळाशी कायमचे जोडले गेले आहे. युद्ध लांबावे, अशी इच्छा कित्येकांच्या मनात आली असेल! तहाची वार्ता येताच भाव कोसळले. १८६५ च्या जुलैत सट्ट्याचे वायदे फेडण्याचा दिवस आला आणि पेढ्यांमागून पेढ्या बुडाल्या. जुनी बाँबे बँकही १८६८ साली मिटली. कापसाचे भाव उतरल्याने कुणब्याचे कर्ज वाढले. १८७५ साली पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत रयतेने सावकारांचे कर्जरोखे जाळले, त्या दंग्याच्या अनेक कारणांपैकी हे एक होय.

अमेरिकेत जी वार्ता ऐकून माता देवाचे उपकार मानीत होत्या, तीच वार्ता ऐकून मुंबईत लोक कपाळास हात लावून बसले. आपला लाभ दुसऱ्याच्या रक्तावर किंवा भांडणावर उभा असेल, तर शांतीची वार्ता आपणांस शोकाची वाटू लागते. ह्याहून मोठा धोका आत्म्याला कोणता?

५. दोष झाकू नयेत

शास्त्र दाविदाचे पाप लपवीत नाही; आम्हीही लपवीत नाही. १८६२ च्या डिसेंबरात, चोरट्या कापूसव्यापाराचा राग मनात धरून, ग्रँट ह्यांनी आपल्या अंमलाखालील मुलखातून सर्व यहुदी लोकांना हाकून देण्याचा हुकूम काढला. काहींच्या दोषासाठी सर्व जातीला दंड करणे हा घोर अन्याय होता. अध्यक्ष लिंकन ह्यांनी तो हुकूम थोड्याच दिवसांत रद्द करविला. पुढे ग्रँट स्वतः अध्यक्ष असताना त्यांनी अनेक यहुदी गृहस्थांस अधिकारपदे दिली.

जनरल ऑलिव्हर हॉवर्ड ह्यांना तर लोक ‘ख्रिस्ती सेनापती’ म्हणत. १८६२ साली लढाईत त्यांचा उजवा हात गेला. युद्धानंतर मुक्त गुलामांच्या साहाय्याचे सरकारी खाते त्यांनी चालविले, आणि वॉशिंग्टन येथील हॉवर्ड विद्यापीठास त्यांचेच नाव आहे. तरी १८७७ साली ह्याच हॉवर्ड ह्यांनी नेझ पर्स लोकांना त्यांच्या वाडवडिलांच्या भूमीवरून हटविण्याकरिता शेकडो मैल पाठलाग केला. एके ठिकाणी दुर्बलांचा कैवारी, दुसरे ठिकाणी दुर्बलांस उठविणारा! ख्रिस्ती नाव लावणाऱ्या प्रत्येकाने येथे थबकावे.

६. अखेरची लढाई

१८८४ साली ग्रँट ह्यांच्या पेढीतील भागीदाराने लबाडी केली व त्यांचे सर्वस्व गेले. घेतलेल्या कर्जापोटी त्यांनी आपल्या मानाच्या तलवारीही देऊन टाकल्या. त्याच वर्षी घशात कर्करोग जडला. पत्नीस निर्वाहाचे साधन राहावे म्हणून मरणयातना सोसीत त्यांनी आत्मवृत्त लिहिले. ते पुरे झाल्यावर थोड्याच दिवसांत, १८८५ च्या जुलै महिन्याच्या २३ तारखेस, त्यांचा प्राण गेला. त्या ग्रंथामुळे विधवेस सुमारे साडेचार लाख डॉलर मिळाले.

मरणापूर्वी काही दिवस बकनर त्यांना भेटून गेले होते. प्रेतयात्रेत मानाचे वाहक म्हणून नेमलेल्यांत शत्रुपक्षाचे दोन सेनापती होते. त्यांपैकी एक बकनर. ज्याला हरविले, त्याने आपल्या शवपेटीबरोबर मित्र म्हणून चालावे, असा जय किती जणांस मिळतो?

७. आपणांकरिता बोध

न्हावा शेव्याचे बंदर १८८९ नंतर बरोबर १०० वर्षांनी, १९८९ साली, सुरू झाले. त्याकरिता शेते, मिठागरे व कोळ्यांची घरे गेली. १९८४ च्या जानेवारीत जमिनीच्या न्याय्य मोबदल्यासाठी लढताना जासईच्या परिसरात गोळीबारात शेतकऱ्यांचे प्राण गेले. १२ जानेवारी २०२४ रोजी शिवडीहून येथवर समुद्रावरील सेतू खुला झाला व जमिनीचा भाव पुन्हा चढला. अन्यायाविरुद्ध हक्क मागणे हे पाप नव्हे. परंतु मोबदल्याचा पैसा घरात आल्यावर भाऊ भावावर दावा लावतो, बहिणीचे नाव सातबाऱ्यावरून गाळले जाते, हे आम्ही पाळक ह्या नात्याने पाहतो, आणि प्रभुभोजनाच्या वेळी एकाच बाकावर न बसणारे दोन भाऊ पाहून आमचे अंतःकरण तुटते.

अशा दाव्यात एकाची जीत होतेच. त्या जिंकणाऱ्या भावास आमचे सांगणे आहे : निकाल हाती आला म्हणून फटाके लावू नका. हरलेल्याच्या घरी शिधा आहे की नाही ते पाहा. त्याची होडी, त्याचे जाळे, त्याची राहती खोली त्याला ठेवा. कोर्टाने जितके दिले तितके सर्व घेतलेच पाहिजे, असा देवाचा नियम नाही. आणि हरलेल्या भावास सांगणे हे की, पुढे केलेला हात ली ह्यांनी झिडकारला नाही.

१८१३ च्या फेब्रुवारीत ह्याच मुंबई बंदरात गॉर्डन हॉल व सॅम्युएल नॉट हे दोन अमेरिकन मिशनरी उतरले. त्यांच्याजवळ सैन्य नव्हते आणि सरकार त्यांना परत पाठवू पाहत होते. तरी त्यांनी आरंभिलेले कार्य टिकले. कारण ज्या प्रभूने आपल्या वैऱ्यांकरिता क्रुसावर प्रार्थना केली, त्याच्या नावाने ते आले होते. ग्रँट ह्यांच्या ठायी जे एका दिवशी दिसले, ते त्या प्रभूच्या ठायी सर्वकाळ आहे.

विचारासाठी प्रश्न

१. अलीशाने अरामी सैन्यास जेवू घातले, त्याचा परिणाम काय झाला? (वचन २३)
२. ग्रँट ह्यांनी घोडे परत का दिले? तुमच्या गावी ‘घोडा’ म्हणजे कोणती वस्तू?
३. आपल्या मिळकतीत दुसऱ्याच्या हानीवर अवलंबून असलेला काही भाग आहे काय?
४. काहींच्या दोषासाठी सर्व जातीस दोष देण्याची सवय आपल्यात कोठे आहे?
५. ह्या आठवड्यात ज्याच्या घरी जाऊन समेट करावयाचा, असा कोण आहे?

प्रार्थना : हे देवबापा, आम्हांला न्याय दे, आणि न्याय मिळाल्यावर दयाही दे. येशू ख्रिस्ताच्या नावाने. आमेन.