पहिल्या सहामाहीचे कानमंत्र

दहावीनंतर गाव सोडून शहरातल्या वसतिगृहात आलीस ना, मग पहिला महिना मोठा निर्णय एकही घ्यायचा नाही. सायन्स सोडून आर्ट्सला जाणं, केस खांद्यापर्यंत कापणं, परत जाऊन तालुक्याच्या कॉलेजात नाव घालणं, यातलं काहीही त्या महिन्यात नको. पुण्यात मुलींच्या वसतिगृहाची रेक्टर म्हणून माझी उभी हयात गेली. हसत-खिदळत ट्रंक घेऊन आलेली पोर पंधरा दिवसांत बाथरूमचा नळ सोडून रडायला लागते. रात्री नळ फार वेळ वाहत राहिला की मी पाण्याचं बिल विसरून आधी कोण आत आहे ते बघायची.

शाळेत तू पहिली यायचीस. इथे खोलीतल्या चौघीही आपापल्या शाळेत पहिल्याच आलेल्या. आता चौघींत पहिली एकच येणार. बाकीच्या तिघींना वाटायला लागतं, आपला गावचा नंबर म्हणजे सरांनी लाडाने दिलेला प्रसादच होता. तो नंबर खरा होता, फक्त वर्ग बदललाय. शिवाय पहिली येणारीसुद्धा नळ सोडून रडतेच, हेही सांगून ठेवते.

आता मुख्य गोष्ट. ‘मला जमत नाही’ असं मनात आलं की तेवढ्यावर थांबायचं नाही. वही काढायची आणि नेमकं काय जमत नाही ते लिहायचं. एका पोरीने वहीच्या मागच्या पानावर लिहिलं होतं, ‘मला फिजिक्स येत नाही.’ मी म्हटलं, अख्खं फिजिक्स? मग ते ज्याने शोधलं त्यालाही सगळं येत नसेल. खाली लिही, कोणता धडा? तिने लिहिलं, गतीचे नियम. त्यातलं काय? उताराची गणितं. त्यातलं काय? शेवटी उरलं एवढंच, की उतारावर ठेवलेल्या ठोकळ्याच्या वजनाचे दोन भाग करताना साईन कुठे घ्यायचा आणि कॉस कुठे. वरच्या मजल्यावरची बारावीची मुलगी आली आणि म्हणाली, ‘अगं, उतार काढून टाक. कोन शून्य. सपाट जमिनीवर ठोकळा आपला आपण घसरतो का? नाही. शून्याचा साईन शून्य. म्हणजे घसरवणारा तो साईन.’ संपलं. त्या पोरीने महिनाभर स्वतःला मठ्ठ म्हणवून घेतलं ते या दोन शब्दांपायी! मराठी माध्यमातून आलेल्यांची यात दुहेरी ओढाताण होते. त्वरण येत असतं, पण ॲक्सिलरेशन म्हटलं की कान बंद होतात. त्यासाठी दोन रकान्यांची वही घाल, इकडे मराठी, तिकडे इंग्रजी. दिवाळीपर्यंत तिची गरज संपते.

बोलण्यावरून चिडवतील. तुझं ‘हाय-न्हाई’ ऐकून कोणीतरी फिसकन हसेल. जळगावकडच्या एका मुलीने तर तोंडच उघडणं सोडलं होतं. मी तिला एवढंच विचारलं, बहिणाबाई कुठल्या? आसोद्याच्या, तुझ्याच जिल्ह्यातल्या. लिहिता-वाचता येत नव्हतं. १९५१ साली गेल्या आणि १९५२ साली त्यांच्या कवितांचं पुस्तक निघालं, ते लेवा गणबोलीतलं. आज पुण्या-मुंबईच्या वर्गात त्याच बोलीवर प्रश्न विचारतात आणि शहरातली पोरं त्याला मार्गदर्शक घेऊन बसतात. उत्तरपत्रिकेत प्रमाण भाषा लिही, मुलाखतीत हवी तशी बोल, पण आईशी फोनवर बोलताना खोलीतल्या मुलींसाठी आवाज बदलू नकोस. आईला ते लगेच कळतं, आणि ती काही बोलत नाही.

सगळे माझ्याकडेच बघतात असं या वयात वाटतं. यावरचा अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठातला एक प्रयोग मी सांगायची. तो २००० साली छापून आला. विद्यार्थ्यांना लाज वाटेल असा, एका जुन्या गायकाचा चेहरा असलेला टी-शर्ट घालून इतरांच्या खोलीत पाठवलं. घालणाऱ्यांना वाटलं, जवळजवळ निम्म्यांनी पाहिला असणार. प्रत्यक्षात साधारण चौथाई जणांच्या लक्षात आला. कपाळावरच्या पुटकुळीचं गणित याच हिशोबाने मांड.

एक मात्र वहीत सापडणार नाही, ते रक्तात सापडतं. जिना चढताना धाप लागते, तासाला डोळे मिटतात, वाचलेलं राहत नाही आणि पोर म्हणते माझं डोकंच चालत नाही. आधी हिमोग्लोबिन तपासून घे. तुझ्या वयाला ते १२ च्या खाली नको. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातल्या १५ ते १९ वयाच्या मुलींपैकी ५९ टक्के मुलींना पंडुरोग आढळला, म्हणजे चार कॉटच्या खोलीत दोघी तरी. शाळेत आठवड्याला ती निळी लोहाची गोळी मिळायची, ती तुम्ही बेंचखाली टाकायचात, मला सगळं ठाऊक आहे. आता गोळी डॉक्टरांना विचारून घे. जेवणाच्या आगेमागे तासभर चहा नको, त्याने लोह अंगी लागत नाही. ताटात लिंबाची फोड असू दे. मेसच्या पालेभाजीला नावं ठेव, पण खा.

‘मी नेमकी कोण’ हा प्रश्न रात्री अकरानंतर सोडवायला घ्यायचा नाही. त्या वेळी फक्त वाईट उत्तरं येतात, आणि हातात मोबाईल असेल तर आणखीच वाईट. दिवसा एनसीसी कर, नाटकात पडदा ओढ, ग्रंथालयात पुस्तकं लावायला जा. जे धरशील ते एक सत्र पुरं करून मग सोड. दुसऱ्या आठवड्यात सगळंच कंटाळवाणं वाटतं, त्यावरून काही ठरत नाही. मैत्रिणीचं अक्षर उचलशील, तिची हसायची लकब उचलशील, खुशाल उचल. आमच्या वेळी अख्खा मजला एकाच मुलीसारखी वेणी घालायचा. पुढे प्रत्येकीने ती आपापली सोडली.

पण दोन आठवडे झोप नाही, जेवण नाही, कशात जीव लागत नाही असं झालं तर वही बाजूला ठेव आणि माणसाकडे जा. रेक्टर, बाई, आत्या, कोणीही. जीव नकोसा झाल्याचं मनात आलं तर दोन आठवडेही थांबू नकोस, त्याच रात्री दार वाजव. कोणाला तोंड दाखवायची हिंमत नसेल तर १४४१६ लाव. ही सरकारची टेलि-मानस सेवा आहे, फुकट, चोवीस तास, मराठीतही बोलता येतं. रेक्टरला उठवायला तर मुळीच संकोच नको. त्याचाच पगार मिळतो तिला.

दिवाळीला घरी गेलीस की मामा-काका विचारतीलच, ‘मग, काय व्हायचं ठरवलंस?’ ‘अजून बघतेय’ म्हणायचं आणि फराळाचं ताट त्यांच्यापुढे सरकवायचं. तोंडात लाडू असला की पुढचा प्रश्न येत नाही. आणि परत येताना डब्यात चकली जास्त आण. लाडू सगळ्याच आणतात.