अन्न-तपासणीस अडथळा : कायदा व आपलें हित

शेतांत पिकविलेलें धान्य विकणें हा एक व्यवहार. आणि दूध गोळा करणें, गूळ शिजविणें, खवा वा लोणचें करून विकणें हा दुसरा. पहिल्यांत आपण केवळ शेतकरी असतों. दुसऱ्यांत अन्नाचे व्यापारी होतों. हा भेद ध्यानांत न आल्यामुळें सरळ माणसेंही तपासणीच्या वेळीं नाहक संकटांत सांपडण्याचा संभव असतो. म्हणून या विषयाची थोडी फोड करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

प्रथम, कायदा कोणास लागू पडतो तें पाहूं. मुंबई इलाख्यांत भेसळ-प्रतिबंधाचा कायदा १९२५ सालीं झाला. पुढें १९५४ सालीं सर्व देशासाठीं एक कायदा आला. हल्लीं चालू असलेला अन्न सुरक्षा व मानके अधिनियम २००६ सालचा असून त्याचा अंमल ५ ऑगस्ट २०११ पासून सुरू झाला. शेतकरी, शेतीचीं कामें, पिकें, जनावरें आणि शेतकऱ्यानें शेतावर काढलेला माल यांस हा अधिनियम लागू नाहीं, असें त्याच्या कलम १८ मध्यें सांगितलें आहे. तेव्हां शिनोलीच्या शिवारांतील भाताचें खाचर किंवा कांद्याची बराखी यांस या अधिनियमाची भीति बाळगण्याचें कारण नाहीं. परंतु त्याच शेतकऱ्यानें गांवांत दूध-संकलन केंद्र उघडलें, अगर गुऱ्हाळ घालून गूळ बाजारांत धाडला, कीं तो अधिनियमाच्या कक्षेंत येतो. त्यानें नोंदणी अथवा परवाना घेतला पाहिजे. सहकारी दूध संस्थेचा जो सभासद आपलें सर्व दूध संस्थेसच घालतो, त्यास नोंदणीची माफी आहे. संस्थेस मात्र ती नाहीं.

जेथें अन्न तयार होतें, सांठविलें जातें किंवा विक्रीस मांडलें जातें, अशा जागीं प्रवेश करण्याचा, तपासणी करण्याचा, नमुना घेण्याचा व संशयित माल जप्त करण्याचा अधिकार कलम ३८ अन्वयें अन्न सुरक्षा अधिकाऱ्यास आहे. योग्य कारणावांचून त्याला विरोध करणें, अडविणें, अडविण्याचा प्रयत्न करणें, धमकावणें किंवा त्याच्या अंगावर जाणें हा कलम ६२ प्रमाणें गुन्हा होय. त्यास तीन महिन्यांपर्यंत कारावास व शिवाय एक लाख रुपयांपर्यंत दंड सांगितला आहे. सरकारी नोकरास कर्तव्यापासून परावृत्त करण्यासाठीं मारहाण झाल्यास भारतीय न्याय संहितेच्या कलम १३२ खालीं दोन वर्षांपर्यंत कारावास होऊं शकतो, तो निराळाच.

आतां समजा, सकाळच्या धारा निघून दूध केंद्रावर आलें आहे, आणि इतक्यांत अधिकारी नमुना मागतो. चिटणीस घाबरतो, कॅन गटारांत ओततो, दाराला कुलूप घालतो, चार माणसें जमवून गलका करतो. दूध कदाचित् निर्मळच असेल. पण आतां तें सिद्ध करण्यास पुरावाच उरला नाहीं. दूध नुसतें कमी कसाचें निघालें असतें, तर कलम ५१ प्रमाणें पांच लाख रुपयांपर्यंत द्रव्यदंड होऊं शकला असता, कैद नव्हे. अडथळा केल्यामुळें मात्र त्यानें कैदेचें दार आपल्याच हातानें उघडलें. नमुना दिल्यानें कोणी गुन्हेगार होत नाहीं. तो अडविल्यानें होतो. हें एक वाक्य प्रत्येक केंद्राच्या भिंतीवर लिहून ठेवावें.

लोक अडवितात तें बहुधा पद्धतीच्या अज्ञानामुळें. ती पद्धत अशी. नमुना पृथक्करणासाठीं घेत असल्याची लेखी सूचना अधिकारी देतो. चालू बाजारभावानें त्याची किंमत चुकती करतो. नमुन्याचे चार भाग करून साक्षीदारासमक्ष त्यांवर मोहोर लावतो. दुधावर साय धरते, म्हणून तें वरखालीं नीट ढवळून मगच नमुना घ्यावा, असा आग्रह आपण अवश्य धरावा. दूध टिकावें म्हणून नमुन्यांत फॉर्मॅलिनचे थेंब घालतात. ती भेसळ नव्हे, नियमांतच तसें सांगितलें आहे. चार भागांपैकीं एक अन्न विश्लेषकाकडे जातो व दोन पदनिर्देशित अधिकाऱ्याकडे राहतात. चौथा भाग मान्यताप्राप्त प्रयोगशाळेकडे पाठवावा, अशी मागणी करण्याचा हक्क आपला आहे. ती तेथल्या तेथें लेखी करावी. विश्लेषकानें १४ दिवसांत अहवाल द्यावयाचा असतो. तो प्रतिकूल आल्यास ३० दिवसांच्या आंत पदनिर्देशित अधिकाऱ्याकडे अपील करतां येतें. सही नाकारून कांहीं साधत नाहीं. साक्षीदारांच्या सह्या घेऊन काम पुढें चालतेंच.

अधिकारी निरंकुश आहे असेंही नाहीं. सबळ कारण नसतां केवळ छळासाठीं माल जप्त करणाऱ्या अधिकाऱ्यास कलम ३९ प्रमाणें एक लाख रुपयांपर्यंत दंड होतो. मात्र त्याच्याविरुद्ध केलेली तक्रार खोटी ठरल्यास तक्रारदारासही ५० हजार ते एक लाख रुपये दंड आहे. ओळखपत्र सभ्यपणें पाहण्यास मागणें, त्याच्या कचेरींत विचारपूस करणें, कागदाची प्रत मागणें हा अडथळा नव्हे. उलट, अधिकाऱ्याचें सोंग घेऊन येणाऱ्या तोतयासही कलम ६२ चीच शिक्षा आहे. म्हणून खात्री करून घेण्यांत संकोच नसावा.

आमची सूचना इतकीच कीं, प्रत्येक दूध संस्थेनें व गुऱ्हाळवाल्यानें नोंदणीचें प्रमाणपत्र दर्शनी भागीं लावावें, रोजची नोंदवही पुरी ठेवावी, आणि तपासणीच्या वेळीं बोलण्यासाठीं एकच शांत माणूस नेमावा. पाणी घातलेलें दूध शेजारच्या कॅनमधील निर्मळ दुधाचाही भाव पाडतें. प्रामाणिक उत्पादकास तपासणीनें गमावण्यासारखें फारसें कांहीं नाहीं. दार लावून घेतल्यानें मात्र त्याची गणना भेसळ करणारांत होते.