आधी पॅकेटची बिल्टी वाचा, मग प्रिंटर बदला



समजा, सातपूर एमआयडीसीत तुमचं छोटं युनिट आहे. माल तयार, टेम्पो गेटवर उभा, आणि लेबल प्रिंटर छापायचं नाव घेत नाही. कालच इंटरनेटवाल्याने नवा राऊटर बसवलाय. दुरुस्तीवाला फोनवरच सांगतो, "प्रिंटरचं कार्ड गेलंय, नवीन घ्या." पैसे काढण्याआधी दहा मिनिटं थांबा.

कॉम्प्युटर जे पाठवतो ते तुकड्यांत जातं. हे तुकडे म्हणजे पॅकेट. इथरनेटवर एका पॅकेटात साधारण १५०० बाइट मावतात. प्रत्येक पॅकेटच्या पुढे हेडर असतं, आपल्या ट्रान्सपोर्टच्या बिल्टीसारखं. ड्रायव्हर खोका उघडत नाही, बिल्टी वाचतो, राऊटरचंही तसंच. आयपीचं हेडर किमान २० बाइटचं. त्यात पाठवणाऱ्याचा आणि घेणाऱ्याचा पत्ता असतो. त्याच्या मागे टीसीपीचं हेडर, त्यात पोर्ट नंबर, म्हणजे पत्त्यावर पोचल्यावर कुठल्या खिडकीवर जायचं ते. नेटवर्क प्रिंटरची खिडकी बहुतेक वेळा ९१००.

आणि सगळ्यात पुढे इथरनेटचं हेडर. इथेच बरेच जण गोंधळतात. ई-वे बिल आठवा. भाग 'अ' मध्ये माल कोणाचा, कोणाला ते असतं. गाडी बदलली की भाग 'ब' मधला गाडी नंबर बदलतो. आयपी पत्ता म्हणजे भाग 'अ', मॅक पत्ता म्हणजे भाग 'ब'. मॅक फक्त पुढच्या टप्प्यापुरता.

आता वायरशार्क हे फुकट सॉफ्टवेअर कॉम्प्युटरवर चालू करा आणि प्रिंट द्या. (फक्त स्वतःच्या नेटवर्कवर हं, दुसऱ्याच्या नाही.) पाठवणारा १९२.१६८.०.१२, घेणारा १९२.१६८.१.५०, पोर्ट ९१००. तेच पॅकेट पुन्हा पुन्हा जातंय, उत्तर नाही. आकडे नीट बघा: एकीकडे शून्य, दुसरीकडे एक. जुना राऊटर '१' वाले पत्ते द्यायचा, नवा '०' वाले देतो. प्रिंटरला पत्ता हाताने टाकलेला, तो जुनाच राहिला. कॉम्प्युटरला वाटतं प्रिंटर बाहेरगावी आहे, म्हणून पॅकेट राऊटरकडे देतो. इथरनेट हेडर उघडा, घेणाऱ्याच्या जागी राऊटरचा मॅक दिसेल. प्रिंटर दोन फुटांवर, आणि माल चुकीच्या गाडीत!

उपाय: नव्या राऊटरचा आतला पत्ता १९२.१६८.१.१ करा आणि कॉम्प्युटर एकदा बंद-चालू करा. राऊटर आपोआप वाटतो त्या पत्त्यांत ५० नंबर नको, नाहीतर तोच पत्ता उद्या कोणाच्या तरी मोबाईलला जाईल.

एवढं करूनही छापलं नाही तर परत हेडर बघा. प्रिंटरकडून 'रिसेट' आलं, तर प्रिंटर जिवंत आहे, खिडकी बंद आहे. त्याच्या सेटिंगमध्ये ९१०० चालू करा. पत्ते बरोबर असून काहीच येत नसेल, तर आधी केबल बदलून बघा. नवीन प्रिंटरचं कोटेशन त्यानंतर मागवा.